चालतंकाका

डोंबिवलीतल्या आमच्या इमारतीत साबुदाणा भिजत पडण्याआधी दोन ठिकाणी चौकशी होते. एक भिंतीवरच्या कालनिर्णयकडे आणि दुसरी पहिल्या मजल्यावरच्या काकांकडे. कालनिर्णय तिथी सांगतं, काका निकाल देतात. "काका, उपासाला गाजर चालतं का हो?" हा प्रश्न त्यांना जिन्यात, फोनवर, क्वचित खाली रिक्षा उभी करूनही विचारला जातो, आणि काका तो कधी "बघून सांगतो" म्हणून टोलवत नाहीत. चालतं, नाहीतर चालत नाही. पोरं त्यांना चालतंकाका म्हणतात. पूर्वी त्यांना याचा राग यायचा. पुढे सोसायटीच्या गणपतीच्या पावतीवर कुणीतरी अनवधानाने तेच नाव लिहिलं, तेव्हा काकांनी पावती नीट फाईलला लावून ठेवली.

काका विक्रीकर खात्यात होते. उभी नोकरी मुंबई विक्रीकर अधिनियम, १९५९ आणि त्याच्या अनुसूच्या यांच्या संगतीत गेली. कुठली वस्तू कुठल्या नोंदीत बसते, ती भाजली तर कुठे जाते, तळली तर कुठे जाते, हे ठरवण्यात माणसाचं आयुष्य जाऊ शकतं यावर आपला विश्वास बसत नाही, पण काकांचं गेलं आणि मजेत गेलं. २००५ साली व्हॅट आला, त्याच सुमाराला काका निवृत्त झाले. अनुसूच्या खात्यात राहिल्या. वर्गीकरणाची सवय मात्र घरी आली, आणि घरात वर्गीकरण करण्याजोगं एकच खातं शिल्लक होतं, ते म्हणजे उपास.

२०२४च्या डिसेंबरात जीएसटी परिषदेने पॉपकॉर्नबद्दल खुलासा केला. मीठमसाल्याचे सुटे असले तर पाच टक्के, पाकीटबंद असले तर बारा, साखरेत घोळवलेले असले तर अठरा. सगळा देश हसत होता. काका पेपर हातात घेऊन खाली आले आणि म्हणाले, "यात हसण्यासारखं काय आहे? साखर लागली की नोंद बदलणारच." बऱ्याच दिवसांनी सरकारात कुणीतरी आपलं माणूस आहे असं त्यांना वाटलं असावं.

काकांचं उपासांचं वेळापत्रक भरगच्च असतं. महिन्याच्या दोन एकादश्या, संकष्टी, श्रावणातले सोमवार आणि शनिवार, महाशिवरात्र (त्या दिवशी कवठाची चटणी लागतेच), रामनवमी, गोकुळाष्टमी, आणि नवरात्रात उठता-बसता. पंचांगात एकादशी स्मार्त आणि भागवत अशी लागोपाठच्या दोन दिवसांवर आली, की साधा माणूस आपल्या घराण्याचा दिवस कुठला ते बघतो. काका दोन्ही दिवस धरतात. "संशयाचा फायदा देवाला," असं त्यांचं म्हणणं. स्मार्ताला खिचडी आणि भागवताला थालीपीठ, हा तपशील काकूंकडे. अधिक महिना आला की वर्षाच्या चोवीस एकादश्यांच्या सव्वीस होतात, आणि त्या वर्षी काकांची चालच बदलते. एकादशी आणि दुप्पट खाशी, असं कुणी चेष्टेने म्हटलं तर ते शांतपणे विचारतात, "दुप्पट कशाच्या? मूळ आकडा दाखवा."

त्यांचे निकाल मी वर्षानुवर्षं ऐकत आलो आहे. जिरं चालतं, मोहरी चालत नाही. कोथिंबीर चालते, पण तिचंच बी, म्हणजे धने, चालत नाहीत. आलं चालतं, आल्याच्याच कुळातली हळद चालत नाही. शेंगदाण्याचं तेल चालतं, करडईचं नाही. हिरवी मिरची चालते, ढोबळी नाही. लाल तिखट घरी कुटलेलं असेल तर चालतं, आणि ते घरी कुटलं होतं हे सांगणारा माणूस विश्वासू पाहिजे. भेंडीबद्दल घराघरांत मतभेद आहेत, म्हणून तिथे काका "ज्याची त्याची रूढी" असा सावध अभिप्राय देतात. चहाबद्दल मात्र आजवर कुणी अर्जच केलेला नाही. जुन्या धर्मग्रंथांत ज्याचं नावही नाही असं हे पेय कडकडीत उपासाला दिवसातून चार वेळा चालतं, आणि त्यावर देशस्थ, कोकणस्थ, वारकरी, शैव अशा सगळ्यांचं एकमत आहे. इतका बिनविरोध धर्मनिर्णय महाराष्ट्रात दुसरा नसेल.

इमारतीत परप्रांतीय कायदेही नांदतात. नागपूरच्या वहिनी साबुदाण्याच्या खिचडीला उसळ म्हणतात. कोल्हापूरचं कुटुंब साबुदाण्याला शाबू म्हणतं. चौथ्या मजल्यावरचे लखनौचे गृहस्थ उपासाला साध्या मिठाला हात लावत नाहीत, त्यांना सैंधवच लागतं, आणि त्यांच्याकडे नवरात्रात कुट्टूच्या पिठाच्या पुऱ्या होतात. काका या सगळ्यांना त्यांच्या त्यांच्या हद्दीत मोकळीक देतात. कुट्टूची पुरी पहिल्यांदा ताटात आली तेव्हा त्यांनी तिचा वास घेतला, एक तुकडा मोडला, आणि दोन राज्यांतल्या परस्पर मान्यतेचं तत्त्व लावून आणखी तीन घेतल्या.

त्यांना खरा प्रतिस्पर्धी भेटला तो तिसऱ्या मजल्यावर. वनस्पतिशास्त्राचे निवृत्त प्राध्यापक. स्वतः एकही उपास करत नाहीत, पण काकूंच्या हातच्या खिचडीसाठी प्रत्येक एकादशीला हजर. एका आषाढीला प्राध्यापकांनी ताट हातात घेतलं आणि खटला उभा केला.

"काका, हा बटाटा मूळचा पेरूचा."

"पेरू चालतो," काका म्हणाले.

"पेरू देश हो! दक्षिण अमेरिकेतला. शेंगदाणा तिकडचाच. मिरची अमेरिकेची. रताळं अमेरिकेचं. आणि हा साबुदाणा म्हणजे कसावा नावाच्या कंदाचा स्टार्च. तो कंदही तिकडचाच. तामिळनाडूत सेलमच्या कारखान्यांत त्याचे गोळे होतात आणि तुमच्या एकादशीला येतात. वास्को द गामा कालिकतला उतरला १४९८ साली. त्याच्या दोनशे वर्षं आधी ज्ञानेश्वरांनी समाधी घेतली. म्हणजे माउलींनी जन्मात साबुदाण्याची खिचडी पाहिली नाही. तुमच्या ताटात इथलं काय आहे? तूप आणि मीठ!"

ताटं हातात धरून सगळे थांबले. काकूंनी उलथनं खाली ठेवलं. काकांनी घास संपवला, पाणी प्याले आणि म्हणाले, "शास्त्रात उपासाला वर्ज्य काय? धान्य. ज्यांनी वर्ज्यांची यादी केली त्यांना हे पदार्थ माहीत नव्हते, असं तुम्हीच म्हणता. म्हणजे ते यादीत नाहीत. यादीत नाही ते निषिद्ध नाही. तुम्ही माझीच बाजू मांडलीत. वाढ गं, प्राध्यापकांना वाढ."

माझ्या मते हे उत्तर त्यांना वाटलं त्याहूनही बरोबर होतं. नवे कंद आणि नव्या शेंगा या मुलखात आल्या त्या जुन्या याद्यांच्या फटीतून थेट उपासाच्या ताटात शिरल्या. रोजच्या जेवणात त्यांना भात-भाकरीशी झगडावं लागलं असतं. उपासाच्या दिवशी पाट रिकामाच होता.

पण प्राध्यापक हटणारे नव्हते. "मग मका? तोही अमेरिकेचाच."

"मका धान्य आहे."

"आणि टोमॅटो? त्याच खंडातून, त्याच बोटींतून आला. धान्य नाही. यादीतही नाही. मग तो का नाही चालत?"

काका बराच वेळ गप्प राहिले. शेवटी म्हणाले, "टोमॅटोची फाईल प्रलंबित आहे."

राजगिऱ्याच्या बाबतीत मात्र त्यांना अनपेक्षित विजय मिळाला. राजगिराही मेक्सिकोकडचा, हे प्राध्यापकांनी सांगितलं, आणि सांगण्याच्या भरात हेही सांगून गेले की तिकडचे अ‍ॅझ्टेक लोक त्याच्या पिठाच्या देवाच्या मूर्ती करायचे आणि नंतर त्या वाटून खायचे. "म्हणजे तिकडेही प्रसादच!" काका उभे राहिले. परदेशी न्यायपीठाचा इतका स्वच्छ दाखला त्यांना कधीच मिळाला नव्हता. तेव्हापासून राजगिऱ्याचा लाडू देताना ते पाहुण्याला अ‍ॅझ्टेक लोकांची माहिती देतात.

सर्वांत वाईट दिवस आले २०२३ साली. संयुक्त राष्ट्रांनी ते वर्ष भरडधान्यांचं म्हणून जाहीर केलं होतं, आणि पेपरच्या पुरवणीत ज्वारी, बाजरी, नाचणीच्या पंगतीत चक्क वरई बसली होती. धान्य म्हणून! ज्या वरीच्या भाताला आणि दाण्याच्या आमटीला काकांनी आयुष्यभर निर्वेध मंजुरी दिली, ती छापील अक्षरांत धान्य निघाली. काका दोन दिवस खाली आले नाहीत. तिसऱ्या दिवशी मुनिअन्नाचा आधार घेऊन आले. नांगराविना पिकतं ते धान्य ऋषींनाही चालायचं, वरई डोंगरउतारावर पिकते, तिथे नांगर कुठला? प्राध्यापकांनी सांगितलं की सह्याद्रीच्या उतारांवर आदिवासी शेतकरी वरईची रोपं करतात आणि भर पावसात कमरेत वाकून त्यांची लावणी करतात. "बैल नाही ना?" काकांनी विचारलं. माणसांच्या कमरेबद्दल कुठल्याच अनुसूचीत नोंद नसल्यामुळे वरई सुटली.

पण हे सगळं घरच्या घरी. काका पाहुणे म्हणून आले की कायद्याचं खरं रूप दिसतं. मराठी घरात शिरलेल्या पाहुण्याने उच्चारलेलं सर्वांत भीतिदायक वाक्य म्हणजे, "काही करू नका हो, माझा आज उपास आहे." हे ऐकून यजमानीण बसू शकत नाही. साबुदाणा भिजलेला नसतो, आणि तो आता भिजवून काही उपयोग नसतो. फ्रीजमध्ये आहे ते सगळं हळद पाहिलेलं असतं. मागे संकष्टीला काका सोसायटीच्या कागदावर सही घ्यायला आमच्याकडे आले होते.

"वहिनी, अजिबात काही करू नका," ते आईला म्हणाले.

"निदान केळं तरी?"

"केळं काय, चालतं. पण नुसतं खाल्लं की घशाशी येतं."

"मग शिकरण करते."

"तुमची इच्छा. वेलदोडा असला तर घाला, नसला तर धावपळ नको."

शिकरण झालं. मग गोड झाल्यामुळे तोंडाला काहीतरी पाहिजे म्हणून दाणे निघाले. दाणे भाजताना बटाट्याचा विषय निघाला. "उकडलेला नसेलच. राहू द्या. तशा तीनच शिट्ट्या लागतात म्हणा." तीन शिट्ट्या झाल्या. आईने कढई घेतली तेव्हा काका स्वयंपाकघराच्या दारात उभे होते. "हिच्यात सकाळी फोडणी झाली होती का?" आईने कढई दोनदा घासली. तूप-जिऱ्यावर बटाटा परतला, वर कूट आणि साखर. काकांनी तो अगदी मनापासून खाल्ला, काकूंसाठी थोडा डब्यात घेतला, आणि चपला घालता घालता म्हणाले, "उपासाच्या दिवशी मी कुणाकडे काही घेत नाही. पण तुमचा आग्रह मोडवेना." कागदावर सही करायची राहिलीच.

न्यायाने सांगायचं तर काका घेतात त्याहून कितीतरी जास्त देतात, फक्त ते तिथी पाहून देतात. साध्या बुधवारी त्यांच्याकडे गेलात तर अर्धा कप चहा आणि दोन पारले-जी. स्वतःही दुपारी दोन पोळ्या आणि ताकभात एवढंच जेवतात. त्यांचा हात सुटतो तो उपासाला. दाराची बेल वाजवणारा कुणीही रिकामा परत जात नाही. सिलिंडरवाला, कुरियरवाला, मीटर बघायला आलेला पोरगा, सगळ्यांना बशीभर खिचडी, वर लिंबाची फोड, शेजारी काकडीची कोशिंबीर. "माझा उपास नाही," असं कुणी म्हणालं तर उत्तर ठरलेलं: "नसलेल्यालाही चालतं." वाढायचं काम ते काकूंना करू देत नाहीत. डाव स्वतःच्या हातात, आणि "पुरे" हा शब्द ऐकण्याची क्षमता त्या दिवसापुरती गेलेली. दादरला प्रकाशमधला साबुदाणा वडा आणि पियुष जगात श्रेष्ठ आहे हे त्यांना मान्य आहे, पण तिथे आग्रह करणारं कोणी नसतं, हा त्यांचा आक्षेप. इमारतीतली कॉलेजची मुलं आता कालनिर्णय बघूनच काकांकडे पुस्तकं परत करायला जातात.

संकष्टीची रात्र हा वेगळाच प्रकार. उपास चंद्रोदयाला सुटतो. पावसाळ्यात डोंबिवलीला चंद्र दिसण्याचा प्रश्न नसतो, तेव्हा छापील वेळ प्रमाण. पण नागपूर आपल्यापेक्षा पूर्वेला, तिथे चंद्र वीस-पंचवीस मिनिटं आधी उगवतो, हे काकांनी हेरलं. मग नागपूरच्या वहिनींच्या आईला हाताशी धरण्यात आलं. तिकडून फोन येतो, "निघाला हो!" आणि इकडे काकू उकडीचे मोदक वाफेला लावतात. काकांचा घास आणि चंद्र यांच्यात वाया जाणारा वेळ त्यामुळे शून्यावर आला. चंद्र तोच आहे, मग नागपूरचाच धरून जेवा की, असं प्राध्यापकांनी सुचवून पाहिलं. "अधिकारक्षेत्र वेगळं," काका म्हणाले, आणि भुकेने व्याकूळ होत घड्याळाकडे बघत बसले. त्या पंचवीस मिनिटांत ते कुणाशी धड बोलत नाहीत. नागपूरकरांबद्दलचा मत्सर मी त्यांच्या चेहऱ्यावर फक्त तेव्हाच पाहिला आहे.

आता काकूंबद्दल. त्यांचे उपास इमारतीला कळत नाहीत. ट्रेमध्ये चहाचा एक कप कमी दिसला की समजायचं. हरतालिकेला त्या पाण्याचा थेंब घेत नाहीत, आणि त्याच दिवशी दुसऱ्या दिवसाच्या गणपतीच्या नैवेद्याची तयारी करतात, काकांना गरम पोळीभाजी वाढून. चतुर्थीला पंचपक्वान्न. लगेच ऋषिपंचमी, म्हणजे बैलाच्या कष्टाचं काही खायचं नाही, ऋषीची भाजी. हे तिन्ही दिवस काका कुठलाही निकाल देत नाहीत. "ते बायकांचं व्रत," म्हणून खटला दाखलच करून घेत नाहीत. आणि काकांच्या प्रत्येक उपासाला त्या घरात दोन स्वयंपाक होतात: एक उपासाचा, दुसरा मुला-सुनेचा आणि नातवाचा, वेगळ्या कढईत, वेगळ्या झाऱ्याने. काकांच्या सगळ्या कायद्याची अंमलबजावणी करणारं खातं हे एवढंच, एका माणसाचं. एकदा मी काकूंना विचारलं, तुम्हाला उपासाला काय काय चालतं? त्या म्हणाल्या, "खायला वेळ मिळाला तर सगळं."

मध्यंतरी महाराष्ट्रात दोन आहारपंथ निघाले. दिवसातून दोनदाच जेवा, असं डॉ. दीक्षित सांगत होते आणि दर दोन तासांनी थोडं थोडं खा, असं ऋजुता दिवेकर. घराघरांत फूट पडली. काकांनी कुणालाच दुखावलं नाही. साध्या दिवशी ते दीक्षितांचे आणि उपासाच्या दिवशी दिवेकरांचे.

पण गेल्या श्रावणात तपासणीत साखर वाढलेली निघाली. डॉक्टरांनी कागदावर लिहून दिलं: साबुदाणा, बटाटा, रताळं, साखर, तळलेलं, सगळं बंद. काकांनी चष्मा लावून तो कागद जुन्या सवयीने वाचला. "साखर लिहिलंय, गूळ लिहिलेला नाही." काकू काही बोलल्या नाहीत. "शिंगाड्याचा उल्लेखच नाही. आणि बंद म्हटलंय, कायमचं बंद म्हटलेलं नाही. मुदत दिलेली नाही म्हणजे..." काकूंनी कागद त्यांच्या हातातून घेतला आणि कालनिर्णयशेजारी खिळ्याला लावला.

पुढच्या एकादशीला आम्ही सगळे नेहमीप्रमाणे जमलो. काकूंनी मोठ्या पातेल्यात खिचडी केली होती, कारण येणाऱ्यांना नाही म्हणायची त्या घराची रीत नाही. काकांच्या ताटात वाटीभर वरी, दही आणि काकडीची कोशिंबीर.

"खिचडी?" काकांनी विचारलं.

"चालत नाही," काकू म्हणाल्या. तीस-पस्तीस वर्षांत त्या घरात हा शब्द काकूंच्या तोंडून पहिल्यांदाच आला असावा.

"कुठल्या कलमाखाली?" असं विचारायला काकांनी तोंड उघडलं, तेवढ्यात काकूंनी त्यात काकडीची फोड घातली. डाव मात्र काकांच्याच हातात होता, त्यामुळे आम्हाला वाढायची जबाबदारी त्यांचीच. प्राध्यापकांना त्यांनी एकदा वाढली, दोनदा वाढली. प्राध्यापक खिचडीतला तुपात परतलेला बटाटा वेचून खात होते. काका त्यांच्या ताटाकडे बघत राहिले, मग खिळ्यावरच्या कागदापाशी गेले, वरपासून खालपर्यंत पुन्हा एकदा वाचला, आणि येऊन प्राध्यापकांच्या शेजारी पाट ओढून बसले.

"तो टोमॅटो," ते हळू आवाजात म्हणाले, "त्याच बोटींतून आला म्हणालात ना? जरा सविस्तर सांगा."